उत्तर चुकलं, पण कुठे?

तिसरीतल्या एका मुलीने ५२ वजा ३७ चं उत्तर २५ लिहिलं, की तपासणारा लाल फुली मारतो आणि पुढच्या गणिताकडे वळतो. उत्तर चुकलंय हे खरंच. १५ यायला हवेत. पण ती २५ वर पोचली कशी? एक शक्यता अशी, की एककाच्या घरात दोनातून सात जात नाहीत हे पाहून तिने उलट सातातूनच दोन घालवले. पाच उरले. मग दशकाच्या घरात पाचातून तीन गेले, दोन उरले. दुसरी शक्यता अगदी निराळी आहे. तिने हातचा बरोबर घेतला, बारातून सात घालवून पाच लिहिले, पण दशकाच्या घरातला एक कमी करायचा राहून गेला. पाचातून तीन गेले, दोन उरले. दोन्ही वाटांनी उत्तर २५च. पहिल्या वाटेने गेलेल्या मुलीला हातचा घेणं म्हणजे काय हेच उमगलेलं नाही. दुसऱ्या वाटेने गेलेलीला ते उमगलंय, फक्त एक दशक सुटा केला की तो दशकांतून कमी होतो, एवढं निसटलंय. दोघींना समजावून सांगायच्या गोष्टी वेगळ्या आहेत आणि लाल फुली मात्र एकच.

आता तिलाच ५३ वजा ३७ घाला. पहिल्या समजुतीने उत्तर २४ येईल, दुसऱ्या समजुतीने २६. वरच्या संख्येतला एक अंक बदलला आणि मुलीच्या डोक्यात काय चाललंय ते उघड झालं.

मुलांच्या चुकांचा असा माग काढता येतो, हे १९७८ साली जॉन सीली ब्राउन आणि रिचर्ड बर्टन या दोन अमेरिकी संशोधकांनी दाखवून दिलं. निकाराग्वामधल्या हजाराहून अधिक शाळकरी मुलांनी सोडवलेल्या वजाबाक्या त्यांनी संगणकाकडून तपासून घेतल्या. त्यातल्या कितीतरी चुका धांदरटपणाच्या नव्हत्याच. मूल एक नियम पाळत होतं, इमानेइतबारे पाळत होतं. तो नियमच चुकीचा होता. शून्य आलं की विशेष घोटाळे. कुणी शून्यातून काहीही वजा केलं तरी शून्यच उरतं असं धरून चाललेलं, तर कुणी शून्य ओलांडून थेट शतकाकडून हातचा आणलेला आणि मधल्या शून्याला हातही न लावलेला. एकदा तो नियम सापडला, की हे मूल पुढच्या गणितात नेमकं कोणतं चुकीचं उत्तर लिहील, हे संगणक आधीच सांगू शकत असे.

या कामातून ‘बग्गी’ नावाचा खेळ निघाला. तो होऊ घातलेल्या शिक्षकांसाठी होता. संगणक एखाद्या चुकणाऱ्या विद्यार्थ्याचं सोंग घ्यायचा. शिक्षकाने त्याला वजाबाक्या घालायच्या, उत्तरं न्याहाळायची आणि याचं काय चुकतंय ते ओळखायचं. ओळखलं असं वाटलं, की संगणक उलट परीक्षा घ्यायचा: तर मग या पुढच्या गणितांना हा विद्यार्थी काय उत्तरं देईल, ती तुम्ही लिहून दाखवा. दोन-तीन उदाहरणांवरून बांधलेला अंदाज चौथ्या उदाहरणात कोसळू शकतो, हे तिथे लगेच कळायचं. निदान करायचं तर कोणतं गणित घालायचं, हे आधी शिकावं लागतं. आजही डी.एड.-बी.एड.च्या वर्गांत असा खेळ असता, तर फार बरं झालं असतं.

गणित सोडवण्याच्या रीतीचा सर्वांत प्रसिद्ध आराखडा हंगेरीत जन्मलेले गणिती जॉर्ज पोल्या यांनी १९४५ साली ‘हाऊ टु सॉल्व्ह इट’ या पुस्तकात मांडला. आधी प्रश्न समजून घ्या, मग बेत ठरवा, तो पार पाडा आणि शेवटी मागे वळून पाहा. आपल्याकडचे जुने मास्तर ताळा पाहायला लावत, ते या चौथ्या पायरीचंच एक रूप. पोल्यांना मात्र त्याहून जास्त हवं होतं: हे दुसऱ्या रीतीने सुटलं असतं का, ही युक्ती आणखी कुठे लागू पडेल, असं स्वतःला विचारणं. या चारांपैकी आकडेमोड येते ती बहुतेक तिसऱ्या पायरीवर. आणि संगणक शाळेत शिरला तो नेमका त्या तिसऱ्या पायरीवरून.

१९६०च्या दशकात स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या पॅट्रिक सप्स यांनी कॅलिफोर्नियातल्या प्राथमिक शाळांत टेलिटाइप यंत्रं बसवली. ती टेलिफोनच्या तारेने विद्यापीठातल्या संगणकाला जोडलेली असत. मूल रोज थोडा वेळ यंत्रापुढे बसे, कागदावर बेरीज-वजाबाकी उमटे, मूल उत्तर टंकलिखित करी आणि बरोबर की चूक ते तिथल्या तिथे कळे. सराव पक्का होण्यासाठी याचा उपयोग होताच. शिवाय प्रत्येकाला त्याच्या पातळीची उदाहरणं मिळत, ही त्या काळी मोठी गोष्ट होती. आजची गणिताची बहुतांश ॲप रंगीबेरंगी झाली, टाळ्या वाजवू लागली, तरी मुळात याच घराण्यातली आहेत.

याच काळात सेमूर पेपर्ट यांनी उलट बाजूने विचार केला. जीनिव्हात ज्याँ पियाजे यांच्याबरोबर काम करून आलेल्या या गणितज्ञाला संगणकाने मुलाला शिकवण्याऐवजी मुलानेच संगणकाला शिकवावं असं वाटत होतं. १९६७ साली त्यांनी सहकाऱ्यांबरोबर ‘लोगो’ ही मुलांसाठीची संगणकभाषा तयार केली. तिच्यातल्या कासवाला ‘पुढे जा’, ‘उजवीकडे वळ’ असे हुकूम द्यायचे, की ते रेघ ओढत जातं. समभुज त्रिकोण काढायचा म्हणून मूल पुस्तकातला ६० अंशांचा कोन आठवतं आणि तीनदा सांगतं: पुढे जा, ६० अंशांत वळ. त्रिकोण मिटतच नाही. तोच हुकूम सहा वेळा दिला तर चक्क षट्कोन होतो. मग मूल स्वतः उठून कासवासारखं चालून बघतं आणि त्याच्या लक्षात येतं, की वळायचं असतं ते बाहेरच्या कोनातून, १२० अंशांत. इथे कुणी चूक म्हणून फुली मारली नाही. चुकीने एक नवी आकृती दाखवली आणि तिच्यातूनच पुढचा प्रश्न निघाला.

जिओजेब्रासारख्या सॉफ्टवेअरने तीच मोकळीक भूमितीत आणली. मार्कुस होहेनवार्टर यांनी ऑस्ट्रियात साल्झबर्गला शिकत असताना २००१ साली त्याची सुरुवात केली. कसाही वेडावाकडा चौकोन काढा, त्याच्या चारही बाजूंचे मध्यबिंदू जोडा. आतली आकृती समांतरभुज चौकोन दिसते. मग माऊसने बाहेरचा एक कोपरा धरून खेचा. चौकोन कितीही ताणला तरी आतला समांतरभुज समांतरभुजच राहतो. फळ्यावर एकच आकृती असते आणि ती शिक्षकाने आधीच नीट निवडलेली असते. इथे मूल शेकडो आकृत्या स्वतःच्या हाताने तपासतं आणि हे असं का, हा प्रश्न त्याच्याच तोंडून येतो. सिद्धता द्यायची वेळ तेव्हा येते. कर्ण काढला की ती दोन ओळींत सुटते. मराठी शाळांतल्या संगणककक्षात हे फुकट करता येतं.

मुलाच्या पायऱ्यांवर लक्ष ठेवणारा संगणक घडवण्याचा सर्वांत चिकाटीचा प्रयत्न पिट्सबर्गच्या कार्नेगी मेलन विद्यापीठात झाला. मानसशास्त्रज्ञ जॉन अँडरसन आणि त्यांचे सहकारी केनेथ कोडिंगर, आल्बर्ट कॉर्बेट यांनी बीजगणितासाठी ‘कॉग्निटिव्ह ट्यूटर’ तयार केला. शाब्दिक उदाहरण पडद्यावर येतं. मूल कोष्टक भरतं, समीकरण मांडतं, आलेख काढतं आणि संगणक प्रत्येक पायरी पाहतो. एखाद्या टप्प्यावर बरोबर वाटा किती, चुकीच्या पण नेहमीच्या वाटा कोणत्या, हे त्याला आधीच पढवलेलं असतं. मूल अडलं, की तो आधी मोघम सूचना देतो, मग थोडी नेमकी आणि अगदीच अडलं तर शेवटी उत्तर सांगून टाकतो. कोणतं कौशल्य मुलाला कितपत जमलंय याचा अंदाज तो दर पायरीला बदलत राहतो आणि पुढचं उदाहरण त्यावर ठरवतो.

मुलांनी यातही पळवाट शोधली. सूचनेचं बटण पटापट दाबत गेलं की शेवटी उत्तर मिळतं, हे त्यांना लवकरच कळलं. रायन बेकर या संशोधकाने २००४च्या सुमारास अशा मुलांचा अभ्यास केला, तेव्हा यंत्राला गंडवणारी मुलं इतरांपेक्षा कमी शिकतात असं आढळलं. वर्गात निवांत बसून टंगळमंगळ करणाऱ्यांपेक्षाही याचा संबंध कमी शिकण्याशी अधिक होता.

तरीही पायऱ्या पाहणाऱ्या या पद्धतीत दम आहे. कर्ट व्हॅनलेन यांनी २०११ साली अनेक प्रयोगांचे निष्कर्ष एकत्र मांडले, तेव्हा फक्त उत्तर तपासणाऱ्या संगणकापेक्षा पायरीपायरीला प्रतिसाद देणारा संगणक बराच परिणामकारक ठरला. एकास एक शिकवणाऱ्या माणसाच्या तो जवळपास पोचला होता. मात्र प्रयोगशाळेतून बाहेर पडल्यावर काय होतं, हे पाहायला रँड संस्थेने अमेरिकेच्या सात राज्यांतल्या १४७ शाळांत दोन वर्षं कॉग्निटिव्ह ट्यूटरचा अभ्यासक्रम तपासला. पहिल्या वर्षी काहीच फरक दिसला नाही. दुसऱ्या वर्षी हायस्कुलांमध्ये फरक पडला: मधोमध असलेला विद्यार्थी शंभरातल्या पन्नासाव्या जागेवरून सुमारे अठ्ठावन्नाव्या जागेवर गेला. यंत्र तेच होतं. शिक्षकांना ते अंगवळणी पडायला वर्ष लागलं, असा याचा अर्थ लावला तर तो फारसा चुकणार नाही. आपल्याकडे टॅब वाटून झाले की महिन्याभरात निकालाची चौकशी सुरू होते; ती करणाऱ्यांनी हे वर्षभराचं अंतर ध्यानात ठेवायला हवं.

भारतातला सर्वांत नेटका पुरावा दिल्लीतून आला. ‘माइंडस्पार्क’ हे अहमदाबादच्या एज्युकेशनल इनिशिएटिव्ह्ज या कंपनीचं सॉफ्टवेअर. कार्तिक मुरलीधरन, अभिजीत सिंग आणि अलेहांद्रो गानिमियन या अर्थतज्ञांनी सरकारी शाळांत शिकणाऱ्या ६१९ मुलांची निवड करून त्यातल्या निम्म्यांना सोडत काढून शाळेनंतरच्या केंद्रात मोफत प्रवेश दिला. तिथे अर्धा वेळ संगणकावर आणि अर्धा वेळ छोट्या गटात शिक्षकाबरोबर अभ्यास चाले. साडेचार महिन्यांत या मुलांची गणितातली प्रगती इतरांपेक्षा ठळकपणे जास्त झाली.

पण त्या अभ्यासात यापेक्षा मोठी गोष्ट हाती लागली. सहावीतली मुलं गणितात सरासरी अडीच इयत्ता मागे होती आणि नववीतली साडेचार इयत्ता. म्हणजे शिक्षक नववीचं बीजगणित शिकवत होते आणि समोरच्या बाकावर पाचवीच्या अपूर्णांकांत अडकलेलं मूल मुकाट्याने वहीत उतरवून घेत होतं. सॉफ्टवेअरने त्याला अपूर्णांकांपासून उचललं आणि पुढे नेलं. शाळेच्या गणिताच्या परीक्षेत मात्र ही प्रगती दिसली नाही. शाळेचा पेपर नववीचा होता आणि मूल पाचवीवरून सातवीवर आलं, हे मोजणारा एकही प्रश्न त्या पेपरात नव्हता. त्या मुलाचे कष्ट गुणपत्रिकेत कुठेच उमटले नाहीत, हे फार दुःखद आहे.

परीक्षा काय पाहते, यावर शिकणं ठरतं. महाराष्ट्रातल्या दहावीच्या मुलांना स्टेपचे मार्क म्हणजे काय हे सांगावं लागत नाही. उत्तर चुकलं तरी सूत्र लिहिलं, किमती नीट घातल्या, तर परीक्षक त्या पायऱ्यांचे गुण देतात. बोर्डाच्या पेपरात चौकटी भरून ‘कृती पूर्ण करा’ असे प्रश्नही असतात; उत्तरापर्यंतची वाट तिथे छापलेलीच असते आणि मुलाने तिचे दुवे जोडायचे. दोन वर्षांनी हाच विद्यार्थी एमएचटी-सीईटीला संगणकापुढे बसतो. गणिताचे ५० प्रश्न, ९० मिनिटं, प्रत्येकी दोन गुण, चारांतला एक पर्याय निवडा. कच्चं काम कागदावर राहतं आणि तो कागद कुणी वाचत नाही. पूर्ण रीत बरोबर लिहून शेवटच्या ओळीत चिन्ह चुकलेल्याला शून्य, आणि पर्याय एकेक करून समीकरणात घालून बघणाऱ्याला दोन. लाखो मुलांची परीक्षा निष्पक्षपणे आणि वेळेत घ्यायची तर याहून सोपा उपाय नाही, हे मान्य. पण संगणक आला म्हणून परीक्षा हुशार झाली, असं समजायचं कारण नाही. पायऱ्या वाचण्याच्या बाबतीत आपला बोर्डाचा पेपर तपासणारा शिक्षक त्या संगणकाच्या कितीतरी पुढे आहे.

संगणकाला याहून जास्त करता येतं. क्रिस सँगविन यांनी २००४ साली इंग्लंडमधल्या बर्मिंगहॅम विद्यापीठात ‘स्टॅक’ ही प्रणाली सुरू केली. तिच्यात पर्याय नसतात, विद्यार्थी स्वतः राशी लिहितो आणि पाठीमागे मॅक्सिमा नावाचं बीजगणित जाणणारं सॉफ्टवेअर ती तपासतं. समजा प्रश्न आहे, क्ष² − ५क्ष + ६ चे अवयव पाडा. एकाने (क्ष − २)(क्ष − ३) लिहिलं, दुसऱ्याने कंस उलटसुलट लिहिले, दोघं बरोबर. तिसऱ्याने मूळ राशीच पुन्हा लिहिली. किंमत तीच आहे, पण अवयव पाडलेले नाहीत, असं यंत्र त्याला सांगतं. चौथ्याने (क्ष − १)(क्ष − ६) लिहिलं, तर गुणाकार सहा येतोय पण बेरीज पाच येत नाही, हे त्याला कळतं. पाचव्याने दोन्ही चिन्हं अधिक केली, त्याला कंस सोडवून मधलं पद पाहायला सांगितलं जातं. हे सगळे प्रतिसाद प्रश्न रचणाऱ्या शिक्षकाने आधी लिहून ठेवलेले असतात. मुलं कुठे घसरतात हे ज्याला ठाऊक आहे, त्यालाच असा प्रश्न रचता येतो. भूमितीची सिद्धता किंवा मुलाने शब्दांत दिलेलं स्पष्टीकरण मात्र स्टॅकच्या आवाक्याबाहेरचं आहे.

वाट मोजण्याचा आणखी एक प्रयोग २०१२ साली ‘पिसा’ या आंतरराष्ट्रीय चाचणीत झाला. ४४ देश आणि प्रदेशांतल्या सुमारे ८५ हजार पंधरा वर्षांच्या मुलांनी संगणकावर कोडी सोडवली. एका कोड्यात नवा एअर कंडिशनर होता, माहितीपत्रक नव्हतं आणि तीन बटणं होती. कोणतं बटण तापमान बदलतं आणि कोणतं आर्द्रता, ते शोधायचं. बटणं कशी, कोणत्या क्रमाने हलवली, याची नोंद संगणक ठेवत होता. काही मुलं तिन्ही बटणं एकदम हलवत राहिली आणि गोंधळली. काहींनी दोन बटणं जागच्या जागी ठेवून एकच हलवलं, परिणाम पाहिला आणि मग दुसऱ्याकडे वळली. प्रयोग करण्याची ही शिस्त ज्यांच्या नोंदीत सापडली, त्यांची एकूण कामगिरीही चांगली होती. हे शुद्ध गणित नव्हे, पण मुलाची विचार करण्याची रीत कागदाच्या परीक्षेत अशी कधीच हाती लागली नसती.

आता तर संगणक स्वतःच गणितं सोडवतो. २०१४ साली आलेल्या फोटोमॅथने मोबाइलचा कॅमेरा समीकरणावर धरला की उत्तर आणि पायऱ्या दाखवायला सुरुवात केली. २०२४ साली गूगल डीपमाइंडच्या प्रणालींनी आंतरराष्ट्रीय गणित ऑलिंपियाडच्या सहापैकी चार प्रश्नांची उकल करून ४२ पैकी २८ गुणांची, रौप्यपदकाच्या तोलाची कामगिरी केली. घरी करून आणलेल्या गृहपाठावरून मुलाला काय येतं हे ठरवणं आता जवळपास अशक्य आहे.

तुर्कस्तानातल्या एका हायस्कुलात सुमारे हजार विद्यार्थ्यांवर झालेला प्रयोग म्हणूनच प्रत्येक पालकाने वाचावा असा आहे. एका गटाला सरावासाठी साधा चॅटजीपीटीसारखा मदतनीस दिला. सरावातले त्यांचे गुण ४८ टक्क्यांनी वाढले. मग मदतनीस काढून घेऊन परीक्षा घेतली, तर ज्यांना तो कधीच मिळाला नव्हता त्यांच्यापेक्षा हा गट १७ टक्क्यांनी मागे पडला. दुसऱ्या गटाच्या मदतनीसाला उत्तर न सांगता फक्त पुढचा धागा द्यायला बजावलं होतं. प्रत्येक प्रश्नाचं योग्य उत्तर आणि त्यात मुलं करतात त्या नेहमीच्या चुका शिक्षकांनी त्याला पुरवल्या होत्या. या गटाचे सरावातले गुण १२७ टक्क्यांनी वाढले आणि परीक्षेतलं नुकसान बहुतेक टळलं. इतरांच्या पुढे मात्र हा गटही गेला नाही.

दोन्ही मदतनीसांमागचं मॉडेल एकच होतं. फरक शिक्षकांनी लिहून दिलेल्या मजकुराचा होता. अमेरिकेतल्या मेन राज्यात सातवीच्या मुलांना ‘असिस्टमेंट्स’ या फुकट प्रणालीवर गृहपाठ दिला गेला, तेव्हाही असंच दिसलं. मॅसॅच्युसेट्समधल्या वूस्टर पॉलिटेक्निकचे नील हेफर्नन आणि त्यांच्या पत्नी क्रिस्टिना यांनी ती उभी केली. मुलाला रात्री घरी लगेच कळतं की उत्तर चुकलं. शिक्षकाला सकाळी कळतं की कोणतं गणित बहुतेकांचं चुकलं आणि सर्वांत जास्त आलेलं चुकीचं उत्तर कोणतं. तास सुरू होतो तो त्या एका गणितापासून. जमलेली गणितं फळ्यावर पुन्हा सोडवण्यात वेळ जात नाही. वर्षअखेर या शाळांतली मुलं इतरांपेक्षा पुढे होती.

असं काही मराठीत करायला पैशांची अडचण मोठी नाही. स्टॅक मोफत आहे, ती ज्यावर चालते ते मूडलही मोफत आहे आणि केनियातलं मासेनो विद्यापीठ मोठ्या वर्गांसाठी ती वापरतं. अडचण आहे ती चुकांच्या यादीची. दहावीचे गठ्ठे वर्षानुवर्षं तपासणाऱ्या शिक्षकांच्या डोक्यात ही यादी तयार आहे. अर्थनियोजनाच्या प्रकरणातलंच उदाहरण घ्या: जीएसटी धरून वस्तूची किंमत ११८ रुपये, दर १८ टक्के, तर मूळ किंमत किती? कितीतरी मुलं ११८ चे १८ टक्के काढून वजा करतात आणि ९६ रुपये ७६ पैसे असं उत्तर देतात. हा आकडा पडद्यावर उमटला, की मुलाने काय केलं याबद्दल शंका उरत नाही. तिथे फुलीऐवजी एवढीच ओळ यायला हवी: आता ९६ रुपये ७६ पैशांवर १८ टक्के कर लावून पाहा, ११८ येतात का?